समोरच्या खोलीतली उजळणी

सर्वांना जय भीम.

भुतांच्या गोष्टींच्या या पानावर लोक काय काय लिहितात ते माझी नात मला वाचून दाखवायची. मी हसायचे. आमच्या घरात भूतबीत, अंगारा, गंडा, काही चालत नाही. दाराला कुणी लिंबू टांगलं तर मी त्याचं सरबत करणारी बाई आहे.

तरीही हे खरं आहे. माझ्या डोळ्यांदेखत झालेलं आहे.

मी मीराबाई. वय अडुसष्ट. दुसरी शिकले. जोडाक्षरं अडतात, म्हणून मोबाईलमध्ये बोलते आहे आणि तो लिहितो आहे.

जागा नायगाव, बीडीडी चाळ, तिसरा मजला. वेळ रात्रीची नाही… भर दुपारची. गेल्या वर्षीची वीस एप्रिल.

माझी नात मनवा डॉक्टरकीच्या प्रवेश परीक्षेला बसणार होती. त्या परीक्षेला नीट म्हणतात. चौदा दिवस उरले होते. तिच्या क्लासच्या मॅडमनी सांगितलं होतं, ज्याला काहीच येत नाही अशा माणसाला धडा समजावून सांगा, म्हणजे पक्का होतो. म्हणून ती रोज दोन वाजता मला समोर बसवायची.

“म्हणजे मी बिनडोक का गं?”

“तसं नाही गं आजी. तू प्रश्न फार विचारतेस म्हणून.”

मी विचारायचेच. हृदयात चार खोल्या असतात म्हणाली. मी म्हटलं, आमचं अख्खं खटलं एका खोलीत राहतं, त्याला चार कशाला? ती पोट धरून हसायची. पण सांगायची अशी की माझ्यासारखीलाही समजावं. रक्तातली लाल पेशी एकशेवीस दिवस जगते. मग प्लीहा नावाचा अवयव असतो, तिथे जाऊन मरते. एकेका मूत्रपिंडात दहा लाख गाळण्या. ऐकून ऐकून मला पाठ झालं होतं.

त्या दिवशी तिने पेशीचा धडा सांगितला. एकदम फक्कड.

दुसऱ्या दिवशी मी सहज म्हटलं, “कालचं सांग बघू. पेशीतलं वीजघर कुठलं?”

तिने मान वर केली.

“कसलं वीजघर?”

मला वाटलं मस्करी करते. पुस्तक उघडून दाखवलं. पानभर तिच्याच पेन्सिलीच्या खुणा.

“आजी… हे मी कधी वाचलं?”

तिचा चेहरा पांढराफटक झाला होता.

आणि तेव्हाच…

समोरून पान उलटल्याचा आवाज आला.

आमच्या चाळीत मधून लांब पॅसेज आणि दोन्ही बाजूंना समोरासमोर दारं. नवीन बिल्डिंग होणार म्हणून अर्धा मजला सरकारकडून भाडं घेऊन बाहेर राहायला गेला आहे. समोरच्या खोलीला तीन वर्षं बाहेरून कुलूप आहे.

मी दाराला कान लावला.

आत कुणीतरी हळू आवाजात पेशीचा धडा म्हणत होतं.

एकही चूक नाही.

मी जोरात दार ठोठावलं. आवाज बंद. कुलपावर बोटभर धूळ. मनवा माझ्या मागे उभी. तिने काही ऐकलं नव्हतं.

तिने पेशीचा धडा पुन्हा वाचायला घेतला. चार वेळा वाचला. पुस्तक मिटलं की डोकं कोरं.

मग रोज एक. श्वसन गेलं. मूत्रपिंड गेलं. फिजिक्स, केमिस्ट्री जागच्या जागी. जायचं ते फक्त शरीर… आणि मनवाचा धडा गेला की दुपारी समोरच्या खोलीत तोच सुरू.

माझा मुलगा प्रफुल्ल म्हणाला, “आई, टेन्शनने होतं असं. डॉक्टरला दाखवू.” दाखवलं. डॉक्टर म्हणाले, झोप कमी पडते.

मला मात्र पाचव्या दिवशी आवाज ओळखू आला.

तो दीपिकाचा होता.

दीपिका सीमाची मुलगी. आमच्या शेजारची. तीन वर्षांपूर्वी, म्हणजे मनवा दहावीत असताना, दीपिका याच परीक्षेला बसणार होती. हुशार, तोंडाने गोड. घरात जागा नाही म्हणून समोरच्या रिकाम्या खोलीत बसून अभ्यास करायची. परीक्षेच्या रविवारीही सकाळी तिथेच शेवटची उजळणी करत बसली होती. सीमा हॉस्पिटलात आया होती. रात्रपाळी संपवून ती थेट परीक्षेच्या गेटवर जाऊन उभी राहिली. फोन आत नेता येत नाही म्हणून पोरीने तो घरीच ठेवलेला.

कुणीतरी बाहेरून कडी घातली.

दीड वाजता गेट बंद होतं. पावणेदोनला मीच कडी काढली. पोर घामाने भिजलेली, गळा बसलेला. 

त्याच पावसाळ्यात तिला कावीळ झाली. ऑगस्टमध्ये ती गेली. सीमा खोली सोडून शिवडीला राहायला गेली.

आता कळलं ना मी कुणाला घाबरले ते?

परीक्षेला सात दिवस होते. मनवाचे शरीराचे तीनच धडे उरले होते. रक्त आणि हृदयाचा, मेंदूचा, आणि एक हाडांचा. मी साडी बदलली आणि शिवडी गाठली. आयुष्यात मी कुणाच्या दारात मान खाली घालून गेलेली नाही. त्या दिवशी गेले.

दार उघडंच होतं. सीमा जमिनीवर बसली होती. मांडीवर पुस्तक.

“या मावशी. बसा. तिची उजळणी चाललीय.”

“कुणाची?”

“माझ्या पोरीची. आणखी किती पोरी आहेत मला?”

तिने पुस्तकात बघून प्रश्न विचारला. मोरीच्या बाजूला पडदा होता. पडद्यामागून उत्तर आलं…

ते मनवाच्या आवाजात होतं.

माझ्या मनवाच्या! मी तिला नायगावला घरात बसवून आले होते. मी तिला फोन लावला. मनवाने उचलला. “आजी, कुठे आहेस गं? मला भीती वाटते.” फोनमध्ये ती रडत होती आणि पडद्यामागे तीच धडा म्हणत होती.

मी उठून पडदा सारला.

बादली. तांब्या. बाकी काही नाही.

मी खाली बसले. म्हटलं, “सीमा, त्या दिवशी कडी मी घातली होती.”

“माहीत आहे.”

“चुकून गं. मांजरं आत जाऊन घाण करतात म्हणून रोज घालायचे. ती आत आहे हे मला काय ठाऊक?”

सीमा पडद्याकडे बघत राहिली. कुणाचं तरी ऐकत असल्यासारखी. मग पुस्तक मिटून म्हणाली,

“ती म्हणते, उत्तर चूक.”

“सीमा, अगं…”

“चुकीच्या उत्तराला मार्क कापतात, मावशी. तुम्हाला मनवाने सांगितलं नाही?”

घरी आले तेव्हा मनवा पुस्तक छातीशी धरून बसली होती. हृदयाचा धडा गेला होता.

रात्री प्रफुल्लने विचारलं, “शिवडीला कशाला गेली होतीस?” मी म्हटलं, सहज, विचारपूस करायला. सकाळी मेंदूचा धडा गेला. मनवा म्हणाली, “आजी, दीपिकाताईला कुणी कोंडलं होतं गं?” मी म्हटलं, मला काय माहीत.

शेवटचाही गेला.

चार मेला मनवा परीक्षेला बसली. फिजिक्स, केमिस्ट्री सोडवलं. बायोलॉजीतले शरीराचे सगळे प्रश्न कोरे सोडून बाहेर आली. गेटवर प्रफुल्लने हात धरला तर म्हणाली, “पप्पा, मला कुठली भाषा आहे तेच कळेना.”

तेव्हापासून वर्षभर ती पुन्हा अभ्यास करते आहे. क्लास बदलला, पुस्तकं नवी आणली. शरीराचं एक पान डोक्यात राहत नाही. पोर सुकली. एकोणिसाव्या वर्षी आरशात बघायचं सोडलं तिने. आणि रोज दुपारी समोर सगळे धडे ओळीने चालतात. माझ्याशिवाय कुणाला ऐकू येत नाहीत.

मागच्या आठवड्यात मी पुन्हा शिवडीला गेले. सीमाने आत घेतलं नाही. उंबऱ्यातूनच म्हणाली, “मला नका सांगू. मला पहिल्यापासून ठाऊक आहे. जगाला सांगा. नाव घेऊन सांगा.”

येत्या रविवारी परीक्षा आहे. म्हणून सांगते. प्रफुल्ल वाचेल, सून वाचेल, चाळीतली सगळी वाचतील. वाचू देत.

सीमा तेव्हा पॅसेजमध्ये सगळ्यांना सांगत सुटली होती, आपल्या मजल्यावरची पहिली डॉक्टर माझी दीपिका होणार. मला ते सोसलं नाही. पहिली डॉक्टर माझ्या घरातली व्हायला हवी होती. या मजल्यावर पन्नास वर्षं माझा शब्द चालला, आणि ही आया मला ऐकवते?

दीपिका आत बसली आहे हे मला माहीत होतं. मी बघून कडी घातली.

अकरा वाजता तिने दार ठोठावलं. “आजी, कडी काढा ना, उशीर होतोय.” आजीच म्हणाली. घरची, मजल्यावरची सगळी लग्नाला गेलेली; मला एकटीला ऐकू आलं. मी टीव्हीचा आवाज वाढवला. ती हाका मारत राहिली, मी भात लावला, जेवले, आणि गेट बंद झाल्याची खात्री करून कडी काढली. वर म्हटलं, “अगं बाई, तू आत होतीस होय?”

हे खरं उत्तर आहे.

आत्ता दुपारचे सव्वादोन झालेत. समोरची खोली गप्प आहे. वर्षात पहिल्यांदा…

मनवा आमच्या खोलीतून हाक मारते आहे. “आजी, ये ना, बस समोर. पेशीचा धडा सांगते.”

आवाज तिचाच वाटतो आहे.

मी अजून उठलेली नाही.