पाठमोरी

स्टुडिओबाहेर कडक ऊन होतं. भाड्याची प्रवासी जीपनी चौकात अडकली म्हणून मिंदा उरलेला रस्ता पळतच आली, फाटकातून आत घुसली, खोट्या रस्त्यावरच्या खोट्या दुकानांपाशी वळली — आणि डोक्यावर धो धो पाऊस कोसळला.

"अहो, थांबा! आत्ता नका येऊ..." कुणीतरी ओरडलं, पण तोवर ती निम्मी भिजली होती. मग तिच्या डोक्यावर एक लाल छत्री आली. टँकरच्या नळ्यांतलं पाणी छत्रीवर ताडताड वाजत होतं, आणि दांड्यामागे एक सावळा, हसरा चेहरा होता.

"इथला पाऊस सकाळी पडतो. रोज. विचारून यायचं असतं."

"नवीन आहे मी... थँक्यू, दादा."

त्याचं हसू जरा उतरलं. "दादा? छत्री धरली की भाऊ होतो का माणूस?"

"मग काय म्हणू? काका?"

"नको नको. दादाच बरं."

मनिलात काय, शूटिंगवर दिवेवाल्यापासून डायरेक्टरपर्यंत सगळेच दादा असतात. मिंदा त्यात वावगं काही बोलली नव्हती. पण पावसातून बाहेर आल्यावर तिने पाहिलं, छत्री आल्यापासून तिच्यावर थेंबही पडला नव्हता आणि त्याचा एक खांदा पार चिंब. छत्री त्याने सगळीच्या सगळी तिच्यावर कलवली होती.

त्याचं नाव सांतो. तो नायकाचा बदली होता आणि मिंदा त्या दिवसापासून नायिकेची बदली. म्हणजे दिवे लावून होईपर्यंत, कॅमेरा नीट बसेपर्यंत नायक-नायिकेच्या जागी उभं राहायचं. सगळं जमलं की बाजूला व्हायचं, आणि मग खरे स्टार थंडगार गाडीतून उतरून येणार. मिंदाची उंची, खांदे, केस थेट नायिकेसारखे होते. चेहरा नव्हता, पण चेहऱ्याचं कुणाला काही पडलेलं नव्हतं. तिकडे गावी, लुकबानला, तिची आई प्रत्येक सिनेमा डोळ्यांत तेल घालून बघायची. आजवर तिला लेकीचा फक्त एक कान दिसला होता, तोही गर्दीच्या दृश्यात.

"एक दिवस चेहरा दाखवीन गं आई," मिंदा फोनवर सांगायची. तेवढ्यासाठी तर तिने घर सोडलं होतं.

सिनेमाचं नाव होतं ‘आमचं खरंच जमलंय’. प्रसिद्धीसाठी जुळवलेल्या फिल्मी जोड्यांची टर उडवणारा विनोदी सिनेमा. दोन स्टार, एकमेकांचं तोंड बघवत नाही, पण सिनेमा चालायला हवा म्हणून हातात हात घालून गावभर मिरवतात... आता यातली गंमत अशी की त्यात काम करणारे एलियान आणि मायरीन हेही अगदी तसलेच जुळवलेले. चाहत्यांनी दोघांच्या नावांची मोट बांधून ‘मायलियान’ असं एकच नाव केलं होतं. फोटो झाला रे झाला की दोघं सेटच्या दोन टोकांना, आपापला पंखा घेऊन. भांडणसुद्धा नव्हतं बिचाऱ्यांचं. कोवळ्या वयापासून प्रेमात असल्याचं सोंग करून करून दोघांनाही नुसता वीट आला होता.

आणि इकडे मिंदा आणि सांतो, ज्यांच्याकडे कुणी बघत नव्हतं, ते तासन्‌तास एकमेकांच्या डोळ्यांत बघत उभे.

"नजर त्याच्यावर ठेव, पोरी," कॅमेरामन ओरडायचा. "डोळ्यांवर लाईट लावतोय मी."

मग ती नजर ठेवायची. बोलायला मात्र मोकळीक होती, कारण त्यांचा आवाज कुठे उमटत नव्हता.

"काय खाल्लंस सकाळी?" तिच्या कमरेवर हात ठेवून, प्रेमाने ओथंबलेल्या चेहऱ्याने सांतो विचारायचा.

"पेज. वर तळलेला लसूण."

"तरीच."

"तरीच काय?"

"काही नाही... लसूण छान लागतो म्हटलं."

"दादा! लांब उभे राहा मग!"

"कसा राहू? डायरेक्टर म्हणतात जवळ, अजून जवळ. माझी नोकरी आहे ही."

"ए, हसू नका रे!" कॅमेरामन करवादायचा. "सावल्या हलतात!"

घरी आल्यावर मिंदाला वाटायचं, ही कसली नोकरी? दिवसभर एका माणसाच्या डोळ्यांत बघायचं, आणि रात्री डोळे मिटले तरी तेच दिसायचं. पण ती काही बोलली नाही. तोही नाही. दादा म्हटलं की तो तोंड वाकडं करायचा, आणि त्याने तोंड वाकडं केलं की तिला हसू फुटायचं, म्हणून ती मुद्दाम आणखी दोनदा म्हणायची.

शेवटच्या दृश्याच्या दिवशी मायरीन तापाने फणफणली होती आणि एलियान टूथपेस्टच्या जाहिरातीला अडकला होता. टँकर तर येऊन उभा. डायरेक्टरने कपाळाला हात लावला.

"जाऊ दे, पाठमोरंच आहे दृश्य. तुम्ही दोघंच जा चालत. छत्री घ्या आणि कोपऱ्यापर्यंत जा. बाकी काही करू नका."

त्यांनी बाकी काही केलं नाही. सांतोने छत्री धरली आणि सवयीने तिच्यावर कलवली. त्याचा खांदा भिजायला लागला. मिंदाने ते पाहिलं आणि... काय झालं तिला कोण जाणे, तिची करंगळी त्याच्या शर्टाच्या मागच्या टोकात अडकली. ओढलं नाही, धरलं नाही, नुसती अडकली. सांतोचं एक पाऊल चुकलं. मग तो हळू चालायला लागला. कोपरा आला, गेला, तरी डायरेक्टर ‘कट’ म्हणायचंच विसरला.

तेच दृश्य पोस्टर झालं.

पोस्टरने कहर केला. बसवर, पुलावर, फोनवर, जिथे तिथे ती लाल छत्री. चाहत्यांनी फोटो मोठा करकरून बघितला. "करंगळी बघा, करंगळी! ही काय अ‍ॅक्टिंग आहे?" "त्याचा खांदा बघ गं, किती भिजलाय!" ज्यांना मायलियानचा संशय यायला लागला होता, त्यांचीही श्रद्धा परत जागेवर आली.

प्रसिद्धीचं सगळं बघणाऱ्या ओदेतबाईंना अख्खं युनिट मम्मी म्हणायचं. मम्मी ओदेतने दोघांना ऑफिसात बोलावलं, दार लावलं आणि आधी केळ्याचे गरमागरम तुरोन खाऊ घातले. एवढा लाड बघून मिंदाने तेव्हाच ओळखलं, आता काहीतरी मागणार.

"बाळांनो, त्या पाठी कुणाच्या, हे या चार भिंतींबाहेर जाता कामा नये. सिनेमा उतरेपर्यंत तुम्ही दोघं एकत्र दिसायचं नाही. रस्त्यात नाही, दुकानात नाही, चर्चमध्ये नाही. आणि पाठमोरे तर मुळीच नाही! या पोरी फोनवर तीळसुद्धा मोठा करून बघतात." मग ती मिंदाकडे वळली. "पुढच्या सिनेमात नायिकेची बहीण आहे. बोलायचं काम आहे, जवळून चेहरा आहे. ते तुझं. फक्त तोंडावर बोट."

जिन्यात सांतोच म्हणाला, "घे ते काम."

"पण..."

"पण काय? मी कुठे पळून चाललोय? बदली माणूस आहे मी. उभं राहून वाट बघणं, हाच तर माझा धंदा." आणि तो पुढच्या दाराने गेला. तिला मागच्या दाराने जावं लागलं.

त्यानंतरचे दिवस मिंदाला खायला उठले. शहरभर त्या दोघांच्या पाठी एका छत्रीखाली उभ्या होत्या, आणि ती स्वतः मात्र एकटी फिरत होती.

मग एके दिवशी तिच्या जीपनीत सांतो चढला. योगायोगाने, असं तो नंतरही शपथेवर सांगायचा. जीपनीत दोन्ही बाकं समोरासमोर, सगळ्यांच्या पाठी पत्र्याला. पाठ कुणाचीच कुणाला दिसत नाही! मिंदाच्या मनात हे आलं आणि तिने वर पाहिलं, तर त्याच्याही मनात तेच आलेलं दिसलं. मधे बाजाराची टोपली घेतलेल्या बाई, शाळेची पोरं. सांतोने नाणी पुढे केली.

"भाडं जरा पुढे द्या ना, ताई."

ताई! मिंदाच्या कानाची पाळी लाल झाली. "द्या, दादा," ती म्हणाली. नाणी तिच्या हातात आली, बोटं बोटांना लागली, आणि तिने ती ड्रायव्हरकडे सरकवली.

"सुट्टे परत द्या, ताई."

"घ्या, दादा."

दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. मग रोजच.

"ताई, आज बरं नाही वाटत का? चेहरा उतरलाय."

"अनोळखी बायकांचे चेहरे बघता काय हो दादा?"

"काय करू, नोकरीत सवय लागली..."

टोपलीवाल्या बाई एकदा न राहवून म्हणाल्या, "अरे बाबा, भाडं मी देते पुढे. तुम्ही दोघं बोला की नीट!" दोघंही खिडकीबाहेर बघायला लागले.

सिनेमा लागायच्या आदल्या दुपारी मोठ्या मॉलमध्ये कार्यक्रम होता. गर्दी कमी दिसायला नको म्हणून युनिटच्या माणसांनाही बोलावलेलं. मिंदा या टोकाला बसली, सांतो त्या टोकाला. पहिल्या रांगेत चाहत्यांच्या पुढारी चारिंग मावशी, छातीवर मायलियानचा फोटो छापलेला.

"पोस्टर! पोस्टर!" गर्दीने घोषा लावला. "पोस्टरसारखे उभे राहा!"

लाल छत्री आली. एलियान पाठमोरा झाला आणि त्याने छत्री सरळ स्वतःच्या केसांवर धरली. मायरीनने त्याच्या दंडात हात घातला. गर्दीचा आवाज हळूहळू बसला.

"करंगळी कुठे आहे?" चारिंग मावशी म्हणाल्या.

मायरीनने गोंधळून मागे पाहिलं. कसली करंगळी?

"हा तो नव्हे," मावशी उठून उभ्या राहिल्या. "आणि तू पण ती नव्हेस! काय झालं गं? मन उडालं तुझं त्याच्यावरून?"

बस्स. जो तो मायरीनवर तुटून पडला. "खोटारडी!" "तूच सोडलंस त्याला!" एलियानला कुणी काही म्हणेना, सगळं खापर तिच्या माथी. मायरीन हसायचा प्रयत्न करत होती. डबिंगच्या वेळी एकदा पडद्यावर छत्रीचा तो तुकडा बघून तीच मिंदाला हळूच म्हणाली होती, "माझ्यावर अशी छत्री कुणी धरली नाही गं कधी." आता तिचे ओठ थरथरत होते, आणि हे रडणं तिला कुणी शिकवलेलं नव्हतं.

मिंदा उठली. मंचाशेजारून मम्मी ओदेतने डोळे वटारले आणि ओठांवर बोट ठेवलं. बहीण... बोलायचं काम... जवळून चेहरा... मिंदाला सगळं कळत होतं. त्या टोकाला सांतोही उभा राहिला होता, पण जागचा हलला नव्हता. जाणार होतं ते तिचं काम, म्हणून ठरवायचंही तिनेच. तो फक्त बघत होता.

तिला आईची आठवण आली. तरी ती पायऱ्या चढली. एलियानच्या हातातून तिने छत्री घेतली, गर्दीकडे पाठ केली आणि हाक मारली,

"सांतो!"

दादा नाही, काही नाही. नुसतं सांतो.

तो कसा आला, खुर्च्यांवरून की माणसांवरून, देव जाणे. त्याने छत्री घेतली आणि ती आपोआप कलली. मिंदाची करंगळी त्याच्या शर्टाच्या टोकात अडकली.

"अगं बाई..." चारिंग मावशींनी बोट रोखलं. "हेच ते! हेच ते पाठमोरे!"

मग जो गलका झाला! लोक हसत होते, रडत होते, मायरीन तर डोळे पुसत खो खो हसत होती. एलियानने टाळ्या वाजवल्या आणि अनेक वर्षांत पहिल्यांदा तो तिच्याशी माईक नसताना काहीतरी बोलला. मम्मी ओदेत दोन क्षण पांढरीफटक पडली, आणि मग माईक हिसकावून ओरडली, "बघितलंत? हाच तर आमचा सिनेमा! जोडी खोटी, प्रेम खरं! आम्ही मुद्दामच लपवलं होतं!" तिच्या धंद्यात हरणं बसतच नाही. मिंदाकडे तिने मात्र नंतर ढुंकूनही पाहिलं नाही, आणि बहिणीचं काम दुसऱ्याच मुलीला गेलं.

"फिरा! इकडे फिरा! चेहरे दाखवा!" गर्दी ओरडत होती. कॅमेरे सरसावले. मंचावरच्या भल्यामोठ्या पडद्यावर त्या दोन पाठी दिसत होत्या. इतकी वर्षं मिंदा ज्याची वाट बघत होती, ते हेच. फक्त वळायचं होतं.

मिंदा वळली. पण तिला दिसला सांतो. छत्रीबाहेरचा तोच खांदा, तेच डोळे, आणि इथे दिवे लावायला कुणी थांबलेलं नव्हतं.

"आता तरी म्हणू का काही?" तो पुटपुटला. "आवाज उमटेल इथे..."

"उमटू दे."

"मला तू आवडतेस, मिंदा. टँकरच्या पहिल्या पावसापासून."

ती तिथेच, त्याच्याकडे बघत राहिली. गर्दीकडे वळायचं राहूनच गेलं.

संध्याकाळी जीपनीत बसल्यावर लुकबानहून फोन आला. मागे शेजाऱ्यांचा गलका.

"मिंदा! अगं, शेजारच्या पोरीने फोनवर दाखवलं मॉलमधलं! तूच ना ती?"

"चेहरा दिसला का गं, आई?"

"चेहरा कुठला! कान दिसला. पण तुझाच कान, मी पैजेवर सांगितलं सगळ्यांना." आईने आवाज खाली केला. "आणि तो छत्रीवाला? तोही तुमच्या शूटिंगवरचा कुणी दादाच ना?"

मिंदाने शेजारी पाहिलं. समोरच्या बाकावर जागा असूनही सांतो आज तिच्याच बाकावर, तिला खेटून बसला होता.

"नाही गं, आई," ती म्हणाली. "तो दादा नाही."