'फेअर मर्सी'वरची हजेरी

भूतबित मी मानत नाही. कुणी असलं काही सांगायला लागलं की त्याची टर उडवणारा माणूस मी. पण हे माझ्याच घरात घडलंय. या दोन कानांनी ऐकलंय.

ऑगस्ट २०२१. सिडनीत कडक लॉकडाऊन. स्कोफिल्ड्समधलं आमचं घर. वेळ भर दुपारची, तीनची.

माझ्या बायकोला, मयूराला, कोविड झाला होता. ती बेडरूममध्ये बंद. मी दाराबाहेर पॅसेजमध्ये, लॅपटॉप घेऊन. एका जुन्या इंग्लिश युद्धनौकेचे कागद टाइप करून द्यायचं काम आम्ही दोघांनी घेतलं होतं. नाव 'फेअर मर्सी'. १६५२ला पाण्यात उतरली, दोनदा डचांशी लढली, मग प्लेगच्या साली बंदरात अडकून पडली...

त्या दिवशी खलाशांची हजेरी तपासायची होती. मी नाव वाचायचं, तिने टॅबलेटवर मूळ पान बघून "ओ" म्हणायचं.

"आराम कर ना बाई," मी म्हटलं.

"पडून पडून वेड लागेल रे हृषी. वाच तू."

मलाही तेवढाच धीर. ओ येतेय म्हणजे बायको ठीक आहे!

"थॉमस रीड."

"ओ."

"विल्यम कोल."

"ओ."

तासाभरात शंभरेक नावं झाली. आवाज घोगरा येत होता. घसा बसला असेल, म्हटलं.

यादी संपली. मी चहा टाकायला उठलो.

"ओ..."

"मयू, संपली यादी."

"ओ..."

"अगं, चेष्टा पुरे!"

"ओ..."

या वेळी आवाज खालून आला. जमिनीलगतून.

आणि तो एकट्याचा नव्हता...

आयसोलेशन गेलं खड्ड्यात. मी दार ढकललं.

मयूरा पलंगाशेजारी जमिनीवर पडली होती. ओठ निळे. टॅबलेटवर अजून पहिलंच पान. बोटाला लावलेल्या ऑक्सिमीटरवर ऑक्सिजन ७१! अॅम्ब्युलन्ससाठी ट्रिपल झिरो लावला.

खोलीत ओल्या दोरखंडांचा वास भरला होता. आमच्या घरात कपडे वाळत घालायची दोरीसुद्धा नाही.

"तासभर तरी बेशुद्ध असाव्यात," हॉस्पिटलमधून फोनवर डॉक्टर म्हणाले. मराठीच निघाले, मिरजेचे.

तासभर? मग मला ओ कोण देत होतं?

अकरा दिवसांनी मयूरा घरी आली. मी विचारायच्या आधी तीच बोलली.

"तुझी हाक ऐकू येत होती रे. तोंडच उघडेना. मग बाजूचा म्हणाला, तू पड, मी देतो ओ."

"बाजूचा कोण?"

"बाजूला झोपलेला. खूप जण होते तिथे... दाटीवाटीने."



उरलेले कागद मी एकट्याने संपवले. १६६५च्या एका पानावर कप्तानाची तक्रार सापडली. प्लेग झालेल्याला किनाऱ्यावर टाकून देत, म्हणून आजाऱ्याच्या नावाला शेजारचा खलाशी ओ देत असे.

त्यांनी तिच्या भल्यासाठीच केलं असेल. कळतं मला. पण त्यांच्या आवाजावर विसंबून मी तासभर बाहेर बसून राहिलो, आणि आत माझी बायको मरत होती.

आता मयूरा शेजारच्या खोलीत असली तरी मी हाक मारत नाही. उठतो, आणि स्वतः जाऊन बघतो.