रत्नाच्या वाट्यावर सोडलेलं पाणी

ही गोष्ट ऐकीव नाही. जिच्या घरात ती घडली ती कोकिळा आजही साक्री तालुक्यातल्या त्याच घरात राहते. विचारलं तर सगळं सांगते. फक्त नवरा घरात नाही ना, एवढं आधी बघून घेते.

दिवस गेल्या वर्षीच्या आखाजीचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेचा.

वेळ भरदुपारची. भुताखेतांची वेळ रात्रीचीच, असं ज्यांना वाटतं त्यांनी तर हे वाचावंच.

कोकिळेचा नवरा प्रेमराज. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. हा बाबा मात्र घरच्या ओट्यावर चढावं तसा तिथे चढायचा. भांडण कोणाशी? सख्ख्या बहिणीशी, रत्नाशी. विहिरीजवळचा जमिनीचा तुकडा रत्नाचा, असा निकाल लागला. प्रेमराज वरच्या कोर्टात गेला. तिथेही तेच.

तेव्हा त्याचे वडील, नाना, आजारी होते. दोन माणसांच्या खांद्यावर हात टाकून ते विहिरीवर गेले. गावातली जुनी माणसं बोलावली. प्रेमराजच्या ओंजळीत पाणी घातलं.

"बोल."

"रत्नाना वाटावर मी पानी सोडं," प्रेमराज म्हणाला आणि ओंजळ मातीवर रिकामी केली.

त्या घराण्यात हक्क सोडायची हीच रीत होती. निकालावर अपील होतं, सोडलेल्या पाण्यावर होत नाही. नाना त्यानंतर थोड्याच दिवसांत गेले. सुखाने गेले.

आणि तेरावं उरकत नाही तोच प्रेमराजला एक नवा वकील सापडला. जुनाच वाद, पण मुद्दा नवा काढू म्हणाला. दावा पुन्हा दाखल झाला.

कोकिळेने हात जोडले. "आवो, नानासमोर पानी सोडेल शे तुम्ही."

"नाना गयात," प्रेमराज म्हणाला. "पानी बी सुकी गयं."

नवऱ्यापुढे याहून जास्त बोलायची सोय नव्हती.

मग आखाजी आली. नाना गेल्यानंतरची पहिली. खान्देशात त्या दिवशी घरातल्या मृतांच्या नावाने घागर भरतात. गेलेल्या माणसाला पाणी पोचावं म्हणून. मुलाने भरायची. लेकीबाळीही माहेरी येतात. रत्ना आली नव्हती. कुठल्या तोंडाने बोलावणार होते तिला?

प्रेमराजने नवी कोरी घागर काठोकाठ भरली. तिच्या तोंडावर डांगर, म्हणजे खरबूज, ठेवलं. कोकिळा पुरणाच्या पोळ्या करायला आत गेली.

घर शांत होतं. खाटेवर सासू नर्मदाबाई डोळे मिटून पडली होती.

आणि आवाज आला...

मातीवर पाणी पडल्याचा.

कोकिळा पिठाच्या हातानेच बाहेर आली. घरात माती होतीच कुठे? सगळीकडे फरशी. आणि फरशी कोरडी.

तिने घागरीला हात लावला.

घागर हलली... हलकी. डांगर उचलून आत बोटं फिरवली. ओल नव्हती. जणू तिच्यात पाणी कधी पडलंच नव्हतं.

"कच्ची घागर शे," प्रेमराज म्हणाला. "वना कुंभारनी फसाडं आपले."

वना बिचारा दुसरी घेऊन धावत आला. स्वतः पाणी भरून, चारी बाजूंनी फिरवून दाखवली. एक थेंब झिरपेना. ते पाणी ओतून प्रेमराजने घागर स्वतःच्या हाताने पुन्हा भरली. या वेळी कोकिळा तिथेच बसून राहिली.

पाणी दिसत होतं. तिने डांगर उचलण्यापुरती मान वळवली...

मातीवर पाणी पडलं.

तिने बघितलं. घागर रिकामी.

शेवटी कोकिळेने भरली. ती संध्याकाळपर्यंत भरलेलीच होती. प्रेमराज त्या घागरीकडे बघत बसला. जेवला नाही.

"आते तरी दावा मांगे ल्या," ती म्हणाली.

"तारीख लागेल शे," तो म्हणाला.

आषाढात ती तारीख आली. नर्मदाबाईने अन्न सोडलं होतं, म्हणून रत्ना आईजवळ येऊन राहिली होती. भावाशी बोलत नव्हती. सकाळी प्रेमराज इस्त्रीचा शर्ट घालून निघाला. मोटरसायकलला किक मारणार, एवढ्यात म्हातारीने हाक मारली.

"पेमा... पानी दे रे भाऊ."

आवाज ऐकूनच सगळे समजले. हे शेवटचं पाणी होतं. मुलाच्या हातचं मागितलं होतं.

प्रेमराज धावत आत आला. काही म्हणा, आईवर त्याचा जीव होता. तिचं डोकं मांडीवर घेतलं. पेल्यातून चमचा भरला. कोकिळेने बघितलं, रत्नाने बघितलं. चमचा भरलेला होता.

त्याने तो आईच्या ओठांना लावला.

"रिकामा चमचा काय लावस रे तोंडले?"

त्याने पुन्हा भरला. पुन्हा लावला.

ओठ कोरडेच...

आणि तो आवाज. खाटेखालून. मातीवर पाणी पडल्याचा.

"माय, पानीच शे वं! पानीच शे!" प्रेमराज ओरडला. म्हातारीने एकदा त्याच्याकडे बघितलं. मग तोंड फिरवलं.

रत्ना पुढे आली. त्याच्याच हातातून तोच पेला, तोच चमचा घेतला. आईच्या तोंडात पाणी घातलं.

गळा हलला. म्हातारी ते पाणी प्याली. आणि गेली.

प्रेमराज खाटेच्या माचव्यावर डोकं आपटून रडला. गाव बघायला जमलं. कोकिळेला सासूच्या जाण्याचं दुःख होतंच, पण मनात कुठेतरी हायसंही वाटलं. आता तरी हा माणूस दावा काढून घेईल.

तेरावं झालं. चौदाव्या दिवशी प्रेमराजने तोच शर्ट घातला आणि कोर्टात पुढची तारीख घ्यायला गेला.

दावा अजून चालू आहे.

परवा कोकिळेला ताप भरला. घरात दोघंच. तिला उठवेना. प्रेमराज उशाशी येऊन उभा राहिला. न सांगता त्याने माठातून तांब्या भरून आणला होता.

"ले, पानी पी," तो म्हणाला. फार मायेने म्हणाला.

कोकिळेने तांब्या हातात घेतला. जड होता. आत पाणी हलत होतं.

घशाला कोरड पडली होती. तरी तो तोंडाला लावायचा धीर तिला झाला नाही.