आलो, आलो

माणसानं हाकेला उठून यावं, एवढीच तिची तक्रार होती. जेवण वाढलंय, वाफ निघतेय, तोवर येऊन बसावं. पण मालक मागच्या खोलीतून हलायचे नाहीत. पाठ इकडे, तोंड त्या पडद्याकडे. मान न वळवता डावा हात खांद्यावरून मागे उचलायचे, पंजा दाखवायचे आणि म्हणायचे, "आलो, आलो." आणि यायचे नाहीत. जेवण गार ढोण व्हायचं, आणि ती तापायची.

मालक म्हणजे तिचा नवरा. लाँड्रीच्या पाटीवर त्यांचं नाव होतं म्हणून ते मालक. बाकी चादरीपासून चावीपर्यंत सगळं हिच्या हातात, म्हणून ही मालकीणबाई. शाळा तिची कधीच सुटली होती. अक्षर लावून लावून वाचायची. पण गिऱ्हाइकाचा शर्ट उलटा करून कॉलर बघितली, की माणूस कुठं बसून आला आणि घरी काय थाप मारली असेल, हे ती सांगायची. धुवायला आलेल्या, अगदी घरच्याही, प्रत्येक शर्टाला कॉलरच्या आत लाल दोऱ्याचे तीन टाके घालायचे, ही तिचीच रीत. त्या टाक्यांमुळे आजवर एक शर्ट हरवला नव्हता.

उजवा गुडघा गेला तसं मालकांनी इस्त्रीचं टेबल सोडलं. मुलानं स्वतःसाठी खेळाचं मशीन आणलं होतं, पण त्याला डिलिव्हरीच्या गाडीवरून उतरायला सवड होईना. ते मशीन बापाच्या वाट्याला आलं. खेळ समुद्राचा. चहूकडे पाणी, मधोमध फळ्यांचा तराफा आणि त्यावर निळ्या शर्टातला एक माणूस, तोही कायम पाठमोरा. वाहत येणारी लाकडं, पिंपं आकड्यानं ओढायची. तराफा वाढवायचा. खारं पाणी उकळून गोडं करायचं आणि त्या माणसाला पाजायचं. खाली शार्क घिरट्या घालायचा आणि मधूनच येऊन फळी तोडायचा.

"एवढी लाकडं घरात ओढली असती तर बॉयलरला झाली असती," ती म्हणायची.

"तुला कळायचं नाही त्यातलं."

"कळून तरी काय, शार्कचे कपडे धुवायचेत का मला?"

एकदा तर हद्द झाली. काउंटरवर शाळेच्या मोठ्या बाई उभ्या, आणि आतून मालकांची आरोळी, "अगं धाव! तोडलं, तोडलं!" ही काळजाचं पाणी होऊन धावली. मालक ठणठणीत. पडद्यावर शार्क फळी चावत होता. मागं बघते तर मोठ्या बाई दारात उभ्या राहून तोंडावर हात धरून हसतायत. मालकीणबाईला मेल्याहून मेल्यासारखं झालं. म्हातारपणी नवऱ्यानं नाक कापलं ते असं.

मग मालकांच्या छातीचं दुखणं निघालं. ऑपरेशन ठरलं. निघताना पिशवी उचलायच्या ऐवजी ते दारातच थांबले.

"एक काम करशील? त्याला मरू देऊ नकोस."

"कुणाला?"

"तराफ्यावरच्याला. मशीन बंद केलं तरी त्याची तहान चालूच राहते. असाच खेळ आहे तो. रोज जरा पाणी पाज. मेला तर सगळं पहिल्यापासून."

"स्वतःची छाती उघडायला निघालात आणि काळजी त्या बाहुल्याची?"

"हिरवं बटण म्हणजे हो, लाल म्हणजे नको. तुझ्या धुण्याच्या मशीनसारखंच आहे." आणि मग जरा खालच्या आवाजात, "पाजशील ना?"

असं काकुळतीला आलेलं माणूस तिनं कधी पाहिलं नव्हतं. हो म्हणाली.

दुपारी सगळी मशीनं घुमायला लागली की त्या आवाजाच्या आडोशानं ती मागच्या खोलीत जायची. दार लावायची. कडी घालायची. वरून खिडकीला चादर. चोरानं इतकं जपलं नसतं. आधी तिला धड वळता येईना, मग यायला लागलं. आकडा टाकला की लाकूड येतं. पाणी उकळलं की तो माणूस घटाघटा पितो. त्याच्या तराफ्यावरचा पसारा तिला बघवेना. तिनं पिंपं एका रांगेत लावली, फळ्यांची चळत नीट रचली. केव्हा तरी तिच्या ध्यानात आलं, की आपण दुपारची वाट बघतोय. आपल्याला हे आवडतंय. इतके दिवस ज्याला शिव्या घातल्या, तेच आपण कडी लावून करतोय. तिचे कान तापले.

"आई, दार का लावलंय?" बाहेरून सून.

"कपडे बदलतेय!"

"सकाळपासून तिसऱ्यांदा?"

सून तोंडाची गोड होती, पण तिच्यापासून काही लपत नसे. दार उघडल्यावर तिनं गरम पडद्यावर हात ठेवला आणि गालात हसली. ते हसणं मालकीणबाईला लागलं.

"बरं, एक सांग," तिनं विषय वळवला. "हा बाहुला रिकामा बसला की उजवा गुडघा चोळतो. हे यांनी करून घेतलंय का?"

"असं काही करता येत नाही, आई. सगळ्यांचे बाहुले सारखेच असतात."

"मग चोळतो कसा?"

सून बघत उभी राहिली. तो माणूस ताठ बसला होता. सून बाहेर गेली आणि त्यानं पाय पसरला. दोन्ही तळव्यांनी, खालून वर, गुडघा चोळायला लागला. तेल लावल्यासारखा.

दुसऱ्या दिवशी लाकडांबरोबर एक कापड वाहत आलं. तिनं आकड्यानं ओढलं. पांढरी कॉलर होती, नुसती, शर्टापासून फाटलेली. आतल्या अंगाला लाल दोऱ्याचे तीन टाके.

तिनं मशीन बंद केलं. खुर्चीखाली फरशी ओली होती. बाहेरच्या धुण्याच्या मशीनचं पाणी झिरपलं असेल म्हणून तिनं पुसली. फडकं वाळलं ते पापडासारखं कडक होऊन.

ऑपरेशन नीट पार पडलं. पण त्यानंतरच्या दुपारी ती पाणी पाजायला बसली आणि दारात सुनेची चप्पल वाजली. तिनं घाबरून वायरच उपटली. मग गिऱ्हाइकं आली, हॉटेलच्या चादरींचा ढीग आला, आणि राहून गेलं.

सकाळी दवाखान्यात गेली तर मालकांचे ओठ फुटलेले. जीभ लाकडासारखी.

"पाजलंस का त्याला?"

"पाजलं की."

त्यांनी फुटक्या ओठांवरून जीभ फिरवली. तिनं चादरीची घडी सारखी केली.

"पाणी देतो हो आम्ही," नर्स म्हणाली. "तांब्या तांब्या पाणी देतो. जातं कुठं तेच कळत नाही. आणि आजी, उशी कोण ओली करतं? दोनदा बदलली."

तिनं उशीला हात लावला. अभ्र्यावर पांढरी रेघ उमटली होती. घामाची रेघ तिला माहीत होती. ही ती नव्हती. नर्सची पाठ वळल्यावर तिनं बोट जिभेला लावलं. खारट, समुद्राच्या पाण्यासारखं.

घरी आली ती चपलांसकट मागच्या खोलीत. तो माणूस तराफ्यावर आडवा पडला होता. तिनं पाणी उकळलं, पाजलं, परत उकळलं, परत पाजलं. तो पीत राहिला. दुसऱ्या दिवशी मालकांचे ओठ मऊ होते, आणि ते झोपेतही गालात हसत होते.

हे सांगायचं कुणाला? डॉक्टरला? म्हणायचं काय, की मी दार लावून खेळ खेळते?

डॉक्टरांनी दोन-तीन दिवसांत घरी सोडतो म्हणून सांगितलं. मालकीणबाई विचारात पडली. माणूस घरी येणार, आणि आला की थेट त्या खुर्चीत जाऊन बसणार. पडद्याच्या कोपऱ्यात एक हिरवा ठिपका लुकलुकायचा. तिनं सुनेला, सहज विचारल्यासारखं, विचारलं.

"तो किनारा," सून म्हणाली. "तिथं पोचलं की खेळ संपला. बाबा मुद्दाम तिकडे जात नाहीत. मी विचारलं होतं एकदा. म्हणाले, असू दे, माझं मी जाईन कधी तरी." मग जरा थांबून, "त्यांचा खेळ आहे, आई. राहू द्या."

"मी कुठं काय करतेय?"

पण तिनं अर्धवट काम कधी ठेवलं नव्हतं. आणि तिनं मनाशी एक कारण धरलं, की माणूस अडकलाय तिथं, त्याला सोडवायला नको? किनाऱ्याला लावला की सुटेल. कारण चांगलं होतं. त्याच्या मागं दुसरंही एक होतं, आणि तेही तिला चांगलं ठाऊक होतं. खेळ संपला की ती खुर्ची रिकामी होणार होती. माणूस हाकेसरशी जेवायच्या टेबलाशी येणार होता.

दुपारी मशीनं घुमायला लागली. तिनं कडी लावली.

शीड ठिपक्याकडे वळवलं. शार्क आला, फळ्या तोडून गेला. तिनं नव्या जोडल्या नाहीत. तो माणूस दोनदा सुकाणू सोडून मागं सरकला. तिनं दोन्ही वेळा त्याला पुढे आणला.

धुकं लागलं. धुक्यापलीकडे घरं, दिवे.

तराफा वाळूला टेकला. पडद्यावर कसली तरी ओळ उमटली. तिला ती लागेना. खाली दोन बटणं होती, हिरवं आणि लाल.

तो माणूस उठला नव्हता. गुडघा चोळत बसला होता.

"उठा आता," ती पडद्याला म्हणाली. "पुरे झालं."

तिनं हिरवं दाबलं.

वाळूवर पावलं उमटत गेली. ओली, एकामागून एक, घरांकडे. पावलं टाकणारं कुणी दिसत नव्हतं.

आणि तराफा मागं सरकायला लागला. तो माणूस त्याच्यावरच होता. पाठमोरा.

"अहो," ती म्हणाली. तिला कळलंही नाही आपण काय म्हणालो. "अहो!"

त्यानं मान वळवली नाही. डावा हात खांद्यावरून मागे उचलला. पंजा दाखवला.

मग धुकं. मग पडदा काळा.

तिनं हिरवं दाबलं, लाल दाबलं, दोन्ही धरून दाबली. बाहेर काउंटरवर फोन वाजत होता. सून दारावर थापा मारत ओरडली, "आई, दवाखान्यातून आहे! बाबा उठून बसले. म्हणतात, घरी जायचंय!"

मालक घरी आले. गुडघा दुखेनासा झाला होता. डॉक्टर म्हणाले, विश्रांतीनं होतं कधी कधी. सकाळी तिच्या आधी उठायचे, अंथरुणाची घडी घालायचे. मागच्या खोलीकडे फिरकलेसुद्धा नाहीत. मुलगा म्हणाला, "बाबा म्हणजे आता नवंकोरं मशीन." शाळेच्या मोठ्या बाई काउंटरवर म्हणाल्या, "काय जादू केलीत हो? आमच्यांनाही जरा पाठवू का तुमच्याकडे?" सगळे हसले. मालकीणबाई मान खाली घालून पावती शोधत राहिली. ती समोर होती, तरी शोधत राहिली.

रात्रंदिवस तोंडाचा पट्टा चालवणारी बाई गप्प झाली, हे फक्त सुनेनं पाहिलं.

"आई, तुम्ही तो खेळ..."

"चादरी मोज," मालकीणबाई म्हणाली. सुनेच्या डोळ्याला डोळा देणं तिला जमलं नाही.

तिनं चोरून मशीन लावून पाहिलं. नवा तराफा आला, नवा बाहुला आला. रिकामा बसला की ताठ बसायचा. तासभर बघत राहिली. गुडघ्याला हात लावला नाही त्यानं.

आठवडाभर तिनं मालकांचा शर्ट मुद्दाम बदलू दिला नाही. त्यांनी का म्हणून विचारलंही नाही. उन्हातून चालून आले, बॉयलरपाशी उभे राहिले, तिच्या शेजारी झोपले, त्याच शर्टात. मग एका दुपारी ते अंघोळीला गेले आणि तिनं तो खुंटीवरून काढला. उजेडाला धरला. कॉलर उलटी केली.

लाल टाके जागेवर होते. बाकी कॉलर पांढरीशुभ्र. ना पिवळी रेघ, ना तेलाचा डाग. तिनं शर्ट नाकाला लावला. वास आला तो साबणाचा, तिनं शेवटचा धुतला होता तेव्हाचा. जसं काही तो कुणी घातलाच नव्हता.

दवाखान्यात जायच्या दिवशी मालकांनी काढून टाकलेला बनियन मागच्या खोलीत, खुर्चीच्या पाठीवर अजून तसाच होता. कळकट, आंबूस. ती तो धुणार नव्हती. तिनं तो घडी न घालता कपाटात ठेवला आणि कपाटाला कुलूप लावलं.

मग जेवण वाढलं. ताटातून वाफ निघत होती. तिनं हाक मारायला तोंड उघडलं, आणि मारली नाही.

ते येऊन बसले होते. केस ओले, हात धुतलेले, पाठ ताठ. तिच्याकडे बघून हसले आणि गरमागरम पहिला घास घेतला.

"छान झालंय," ते म्हणाले.

ती उभीच होती. मागच्या खोलीचं दार अर्धवट उघडं होतं आणि उंबऱ्याशी फरशी ओली होती. हेच तर तिनं मागितलं होतं. तिनं खुर्ची ओढली, समोर बसली, आणि परक्याशी बोलावं तसं, हळू आणि नीट, म्हणाली,

"माणूस गुणी आहात हो तुम्ही. पण आमचे नव्हेत."