फाटलेल्या शिडाचं पुढचं पान

लग्नात नवरीनं उखाणा घेतला की पाहुणे आता टाळ्या वाजवत नाहीत, आधी मोबाइल बघतात. ओळ कुणाची, कधीची, कुठून उचललेली, हे उगमयंत्र लगेच दाखवतं. मग हसायचं की नाही ते ठरतं. यंत्र काढलं होतं कल्पना चोरणारे पकडायला. झालं काय, तर साधी माणसंच तोंड उघडायला घाबरू लागली.

वैजयंती येमूल मात्र उलट्याच कारणानं अडली होती. यंत्र तिला चोर म्हणत नव्हतं. तीच म्हणत होती, मी चोर आहे.

पुण्याजवळच्या एका अंतराळयान कंपनीसाठी तिनं सौरशीड आखलं होतं. सूर्यप्रकाशाच्या रेट्यावर यान ढकलणारं, केसाहून पातळ, मैदानाएवढं शीड. कंपनीची आजवरची सगळी शिडं घडी उलगडतानाच गुंतून फाटली होती. वैजयंती म्हणाली, घडी घालूच नका. धागे गुंडाळून न्या आणि तिथं जाऊन विणा. चाचणीत ते जमलंही. आता संध्याकाळच्या आत ‘कल्पना माझी’ असं तिनं जाहीर केलं नाही, तर शीड बाद. खोटं जाहीर केलं, तर ती स्वतःच कायमची बाद.

“अहो, दाबा ना ते बटण!” विभागप्रमुख रणदिवे वैतागले. “उगम सापडला नाही, असं यंत्रच सांगतंय.”

“सर, मी हे लहानपणी वाचलंय. कॅप्टन जयराजचं यान मंगळाकडे निघतं, वाटेत शीड फाटतं, आणि मग ते लोक नवं विणतात.”

“ती अख्खी कादंबरी यंत्रात आहे. मी स्वतः बघितली. ते शीड सोडून देतात आणि दुसरं यान त्यांना न्यायला येतं. एकदम बंडल शेवट.”

“असं कसं? मला त्यातली वाक्यं पाठ आहेत!”

“मग वेड लागलंय तुम्हाला. लागू दे. पण बटण दाबून लागू दे.”

पुस्तकात नाही, तर डोक्यात आलं कुठून? वैजयंतीनं सोलापुरात, लहानपणीच्या गल्लीतलं वाचनालय सांभाळणाऱ्या सिद्रामकाकांना व्हिडिओ कॉल लावला.

“जयराज होय? आहे की. तुझ्यानंतर कुणी शिवलंच नाही त्याला.” काकांनी धूळ झटकून पुस्तक उघडलं आणि वाचायला लागले. “‘जयराजने फाटलेल्या शिडाकडे पाहिले आणि तो गरजला—’” पान उलटलं. “‘प्रथम ताण्याचे धागे सारख्या ओढीने बीमवर गुंडाळून घ्यावेत...’”

काका थांबले. मग पोट धरून हसू लागले. “अगं, हे तर हातमागाच्या वर्गाचं पुस्तक! बाइंडरनं दोन पुस्तकांचे फर्मे, छापील पानांचे गठ्ठे, एकात शिवलेत. आणि तुला कळलं नाही होय गं, येडे?”

“काका, आमच्या घरात सगळेच विणायचे. मला वाटलं, आकाशात गेलं तरी विणावं लागतंच.”

रणदिवे हसले नाहीत. त्यांनी कॉलवरूनच हातमागाची ती पानंही यंत्राला दाखवली. यान कादंबरीतलं. ताणा आणि आडवा धागा नेणारा धोटा हातमागाच्या पुस्तकातले. दोन्ही मिळून? उगम सापडला नाही.

“संपलं! तुमचीच आहे.”

“माझी कशी? मी वाचली.”

“कुणी लिहिलीच नाही, तर वाचलीत काय?”

ती मनातल्या मनात एकेकाचा हिशेब लावू लागली. कादंबरीवाल्याला विणता येत नव्हतं. हातमागवाल्याला आकाशाशी देणंघेणं नव्हतं. बाइंडर बहुधा पेंगत होता. आणि जयराज तिकडे मरायला टेकला नसता, तर तो रटाळ धडा तिनं एक ओळही वाचला नसता. मग यात आपलं काय? जयराज वाचला पाहिजे, एवढी तळमळ? ती कुणाच्या नावावर लावायची?

तिनं बटण दाबलं. यंत्र हिरवं झालं. रणदिव्यांनी टाळी वाजवली. आपण खरं बोललो की खोटं, हे तिला कळेना. आणि ज्याला विचारायचं, ते तर हिरवं होऊन बसलं होतं.

“सर,” ती म्हणाली, “आता पोरं स्क्रीनवर वाचतात. एक पान इकडचं तिकडं होत नाही. दुसरं यान येतं, जयराज सुखरूप घरी जातो, पोरं झोपतात. मग त्याचं शीड विणायला बसणार कोण?”