सांगा ____रावाला

ध्रुवपद

लासलगावच्या बाजार समितीसमोर ट्रॅक्टरवर उभा राहून कुणीतरी स्नेहलचं गाणं गात होता. चाल तिची. शब्द भलतेच.

तिचं हळदीचं गाणं या लग्नसराईत नाशिकभर वाजत होतं —

*हळद लागली गालाला, सांगा ____रावाला.*

रिकाम्या जागी ज्या त्या नवरदेवाचं नाव घालायचं. इथे मात्र —

*कांदा अडला गेटाला, सांगा मंत्रीसाहेबाला.*

स्कूटी लावून ती तरातरा पुढे गेली. "खाली उतरा."

तो उतरला. घामेजलेला, उंच. "मी ज्ञानेश. निर्यातबंदी उठेस्तोवर इथंच हाय. तुम्ही?"

"जिचं गाणं चोरलंत, ती."

"अरे बाप रे..." त्याने माइक पाठीमागे लपवला. "मग सांगाच. आवाज कसा हाय माझा?"

"उन्हात राहिलेल्या कांद्यासारखा."

तो हसला. हसू छान होतं — ते तिला अजिबात आवडलं नाही.

कडवं

"परवा एका हळदीत बायकांनी तुमचेच शब्द म्हटले. वरबाप व्यापारी, मंत्र्याच्या जवळचा; तो उठून गेला. आता मला हळदीला कोण बोलावणार?"

हसू मावळलं. "हे डोक्यातच आलं नाय. बंद. आत्तापासून."

मग नुसत्या घोषणा. जरा वेळाने माणसं जांभया देऊ लागली, काही चपला शोधू लागली. पुढे बसलेली म्हातारी पुतळाबाई ओरडली, "गाणं नाय तर मी चालले बाबा घरी."

ज्ञानेशने स्नेहलकडे एकदाही पाहिलं नाही. दिलेला शब्द पाळत, बसक्या घशाने ओरडत राहिला...

तिने त्याच्या हातातून माइक घेतला.

"एकदाच. निदान चाल तरी नीट ऐका."

रिकामी जागा

पहिल्याच सुरावर माणसं माघारी वळली. टाळ्यांनी ठेका धरला. हळदीत त्या जागेपाशी आलं, की ती नवरदेवाकडे बघायची. सवयीने नजर समोर गेली —

*कांदा अडला गेटाला, सांगा ज्ञानेशरावाला...*

टाळ्या थांबल्या.

"त्याला सांगून काय व्हणार गं?" पुतळाबाई म्हणाली. "त्याचाच अडलाय."

सगळं आवार हसलं. "माझ्या नातवाच्या हळदीला हीच पाहिजे," पुतळाबाईने जाहीर करून टाकलं. "दोन्ही गाणी म्हण, बाई."

ज्ञानेश लाल झालेला. जवळ येऊन हळूच म्हणाला, "चुकलं ना?"

स्नेहलने माइकवर तळहात ठेवला.

"गाणं चुकलं," ती म्हणाली. "नाव नाही."