राहून गेलेलं रडणं

त्या दिवशी जयाबाई कॅम्पातल्या गिरणीत तांदूळ दळायला गेली होती, एवढंच. एवढ्याशा पिठात काय होणार, असं गिरणीवाल्यानं विचारलं. तिनं दळणाचे पैसे दिले. डबा पदराखाली धरून डिसेंबरच्या धुक्यातून परत निघाली. रस्त्यावरच्या बंगल्यांना नाताळच्या चांदण्या टांगल्या होत्या. एकाच बंगल्याला चांदणी नव्हती, आणि तिला त्याच बंगल्यात एकटीनं राहायचं होतं.

बंगला बर्था आंटींचा. आंटी मूळच्या गोव्याच्या. शाळेत संगीत शिकवण्यात जन्म गेला, आणि एकुलता एक मुलगा नेल्सन परदेशात. जयाबाई जांबोटीकडची, शेतकऱ्याघरची. आंटींचं औषधपाणी बघायला म्हणून आली आणि तिथलीच होऊन गेली. संध्याकाळी दोघी व्हरांड्यात बसत. एकीचं मराठी मोडकं, दुसरीला इंग्रजी येत नव्हतं, पण बोलणं कधी अडलं नाही. एकदा गेलेल्या माणसांचा विषय निघाला. आमच्यातली माणसं पुन्हा जन्माला येतात, असं जयाबाई म्हणाली. आंटी हसल्या.

"आमी परत येत नाय, जया," त्या म्हणाल्या. "आमी थांबतो."

आंटी गेल्या त्या झोपेतच. नेल्सन विमानानं आला. आंटींना निळा झगा घातला, पायात बूट चढवले आणि पेटीत निजवलं. माणसाला बूट घालून पाठवतात याचं जयाबाईला नवल वाटलं. चर्चमध्ये सगळे काळ्या कपड्यांत, सगळे हळू आवाजात. गळा कुणीच काढला नाही. तिला हुंदका आला तेव्हा शेजारच्या बाईनं मायेनंच हातात रुमाल दिला. इथं असं रडत नसावेत, असं वाटून तिनं हुंदका गिळला. शेवटी सगळ्यांबरोबर मूठभर माती तेवढी टाकली. तेवढीच एक गोष्ट ओळखीची होती.

घर विकलं जाईपर्यंत राहा, असं सांगून नेल्सन परत गेला. आणि बंगला एकदम मोठा झाला. आंटींच्या खोलीत अजून कापूर आणि मेणबत्तीचा वास होता. जयाबाईच्या मनाला चैन पडेना. एवढं मोठं माणूस गेलं आणि त्याच्या मागं कुणी काहीच केलं नाही, हे तिला सोसेना. म्हणून ते पीठ. तिच्या गावची रीत अशी, की माणूस गेलं त्या जागी पीठ पसरायचं, शेजारी दिवा लावायचा आणि पिठावर बुट्टी, म्हणजे बांबूची टोपली, पालथी घालायची. सकाळी पिठात जी खूण उठलेली दिसेल, त्या जन्माला माणूस गेलं असं समजायचं.

तिनं आंटींच्या पलंगाशी पीठ पसरलं, हातानं सारखं केलं आणि बुट्टी घातली. सकाळी उचलून बघितली तर पीठ जसंच्या तसं. मुंगीसुद्धा फिरकली नव्हती.

तिनं गावाकडं भावाला, भावकूला फोन लावून सगळं सांगितलं. तो आधी ख्रिस्ती लोकांत असलं काही नसतं म्हणाला. मग मनातलं बोलला.

"आक्का, परक्या बाईसाठी पीठ पसरलीस," तो म्हणाला. "मष्णूदाजीसाठी कधी पसरली न्हाईस."

जयाबाईनं फोन ठेवला.

मष्णू तिचा नवरा. गोव्याला मासेमारीच्या ट्रॉलरवर कामाला गेला होता. वादळात बोट फुटली. बाकीच्यांची प्रेतं किनाऱ्याला लागली, मष्णूचं लागलं नाही. दर्भाचा पुतळा करून अग्नी दे, दिवस घाल, असं भाऊबंदांनी परोपरीनं सांगितलं. तिनं ऐकलं नाही. प्रेतच नाही तर माणूस मेलं कशावरून? कपाळाचं कुंकू तिनं तसंच ठेवलं. रडलीही नाही. रडलं की मेल्याचं कबूल केल्यासारखं होतं. वर्षं गेली, गावातली माणसं विचारायची थांबली, आणि ती कॅम्पात येऊन दुसऱ्याच्या आईची सेवा करत राहिली.

संध्याकाळी तिनं पुन्हा पीठ सारखं केलं, दिवा लावला, बुट्टी घातली आणि चहा टाकायला स्वयंपाकघरात आली. लष्कराच्या मैदानावरचा बिगुल वाजून थांबला. धुकं खिडकीच्या काचेला येऊन टेकलं होतं. दूध उतू जायला आलं होतं, तेवढ्यात तिला रडणं ऐकू आलं.

आधी वाटलं, शेजारी कुणी असेल. पण कॅम्पात असं कोण रडणार? हे गावाकडचं रडणं होतं. लांबवलेलं, मधे श्वास अडकणारं, शब्दाशब्दाला हेल काढणारं. आणि ते आंटींच्या खोलीतून येत होतं.

"मला येकलीला टाकून... कुटं गेलासा वो धनी... कुटल्या पान्यात निजलासा..."

जयाबाईचा हात आपोआप तोंडाकडं गेला. ओठ घट्ट मिटलेले होते. पण आवाज तिचाच होता.

ती भिंतीला धरून खोलीच्या दारापर्यंत गेली. तिचं पाऊल उंबऱ्यावर पडलं तसं रडणं थांबलं. आत कुणी नव्हतं. दिवा स्थिर जळत होता. मेणबत्तीचा वास गेला होता. त्या जागी खाऱ्या पाण्याचा, कुजक्या जाळ्यांचा वास भरून राहिला होता. बुट्टी जागेवर होती. तिनं ती उचलली.

पिठात पावलं होती. पुरुषाची, अनवाणी, शेजारीशेजारी. कुणी नुसतंच येऊन उभं राहावं तशी. पावलांखालचं पीठ भिजून लगदा झालं होतं आणि त्यात वाळू होती.

जयाबाई खाली बसली. मघाशी खोलीतून ऐकू आलेले शब्द आता तिच्या तोंडून निघायला लागले. ती रडली, मोठ्यानं, गळा काढून. चांदण्या लावलेल्या त्या रस्त्यावर कुणी काय म्हणेल याचा विचार न करता. दिव्यातलं तेल संपलं तरी रडत राहिली.

दुसऱ्या दिवशी ती गावी गेली आणि भावकूला एवढंच म्हणाली, "दर्भ आण." भटजी आले, पुतळा बांधला. कपाळाचं कुंकू तिनं स्वतःच पुसलं, कुणाला हात लावू दिला नाही. गावातल्या बायका एकेक करून गळ्यात पडून रडून गेल्या. तिरडी निघाली, ओढ्याकाठी अग्नी दिला. दहाव्याला पिंड ठेवायचा अवकाश, कावळा शिवला. सगळ्यांना बरं वाटलं. जयाबाईलाही छातीवरचा दगड उतरल्यासारखं झालं.

भावकू मात्र अग्नी दिल्या दिवसापासून नीट जेवत नव्हता. पिंडाला आलेली माणसं पांगल्यावर तो तिच्याजवळ येऊन बसला.

"आक्का, तिरडीवर निस्तं दर्भ होतं. मीच बांधलोय. कापसावानी हलकं. पर खांद्यावर घेतलं आन् चौघंबी वाकलो. वड्यापतोर जाताना खांदं बदलाय लागलं."

जयाबाई शांतपणे म्हणाली, "भिजल्यालं माणूस जड आसतंय रं."

भावकूनं नाही अशी मान हलवली. त्यानं उजवा खांदा चोळला, तसा जयाबाईला त्या खांद्यावरून कापूर आणि मेणबत्तीचा वास आला.

"लई तिरड्या उचललोय मी, आक्का..." तो अगदी हळू म्हणाला. "त्ये येकाचं वजन न्हवतं."